तोफ्या, गोळ्या आणि शांततेचं परमिट

सोमवारी सकाळी साडेनऊ वाजता सावळीराम पगारे यांनी दोन गिनीपिगचा चार्ज घेतला. घेतला म्हणजे अगदी रीतसर घेतला. एकलहऱ्याच्या वीज केंद्रात चौतीस वर्षं टर्बाइनवर शिफ्ट केलेला माणूस कुठलीही वस्तू नुसती हातात घेत नाही. त्यांनी पिंजरा टीपॉयवर ठेवला, चारही बाजूंनी वाकून पाहिला, आतले प्राणी मोजले, दोन भरले, आणि वहीत तशी नोंद करून खाली आठ वर्षांच्या नातीची सही घेतली.

"आबा, हा तपकिरी आहे ना, तो तोफ्या," पिंकीनं सांगितलं. "आणि पांढरा तो गोळ्या."

"ही कसली नावं?"

"पप्पांच्या युनिटमध्ये सगळ्यांना आवडली."

पिंकीचे पप्पा, म्हणजे सावळीरामांचे जावई नवनाथ, देवळाली कॅम्पात तोफखान्यात हवालदार. त्यांच्या धाकट्या भावाचं सटाण्याला लग्न होतं, म्हणून बिऱ्हाड रविवारपर्यंत तिकडे निघालं होतं. लेक मनीषा दारातून निघता निघता पुन्हा आत आली.

"बाबा, मागच्यासारखं नको हं."

मागचं म्हणजे दिवाळीतला सोनेरी मासा. तो सावळीरामांच्या ताब्यात तीन दिवस होता. त्यांनी दर शिफ्टला, म्हणजे दिवसातून तीनदा, त्याचं सगळं पाणी बदललं आणि चौथ्या दिवशी मासा उताणा झाला. नातीला काय सांगायचं, म्हणून त्यांनी माशाची गंगापूर धरणावर बदली झाल्याचं सांगितलं. फौजेतल्या पोरीला बदली कळते. तिनं ती मान्य केली. पण पंधरा दिवसांनी फोनवर विचारलं होतं, "आबा, त्यानं अजून नवा पत्ता का नाही कळवला?"

आता पिंकीनं बूट घातले, पिंजऱ्याला हात लावला आणि आजोबांकडे वर मान करून पाहिलं. "आबा, यांची बदली करायची नाही."

सावळीरामांना नोकरीत पाच चीफ इंजिनीयर भेटले होते. असा दम एकानंही दिला नव्हता.

*

नाशिकरोडच्या त्या कॉलनीतलं पगाऱ्यांचं घर तसंही शांतच होतं. ऑक्टोबरअखेर सावळीराम रिटायर झाले तेव्हापासून टीव्हीचा आवाज आला नव्हता, मिक्सर त्यांच्या कानावर पडला नव्हता आणि बायको यशोदाबाई घरात चपलांच्या जागी मोजे घालून हिंडत होत्या. हे असं का, ते सावळीरामांनी कधी विचारलं नाही. ते दिवसभर गॅलरीतल्या कोपऱ्यात खुर्ची टाकून बसत, कुठे भांडं पडलं की मान वर करत, आणि जेवायला हाक मारली की अर्धी भाकरी खाऊन ताट सरकवत. टर्बाइन हॉलमध्ये शांतता फक्त मशीन ट्रिप होऊन बंद पडल्यावर होते. चौतीस वर्षांत अशी शांतता झाली की ते धावत सुटत. आता धावायला जागा नव्हती.

गिनीपिग आल्यामुळे मात्र त्यांना ड्यूटी मिळाली. तोफ्या आणि गोळ्या बुटाच्या खोक्यात शिरून बसले होते आणि त्यांची फक्त नाकं दिसत होती. सव्वाअकराला देवळालीच्या बाजूनं लांबून 'धुम्म' असा आवाज आला. वारा तिकडचा असला की रेंजवरचा आवाज इथपर्यंत येई आणि काचा जरा थरथरत. आवाज झाला तसा तोफ्या खोक्यातून बाहेर आला, पिंजऱ्यात दोन चकरा मारल्या आणि कोथिंबिरीची एक काडी घेऊन आत पळाला.

सावळीरामांनी वहीत लिहिलं : 'सव्वाअकरा. तोफेच्या आवाजाने तोफ्या सैरभैर. घाबरून तोंडात कोथिंबीर धरली.'

मंगळवारी त्यांनी सरळ पिंजरा उचलून जनावरांच्या उज्वला डॉक्टरांचा दवाखाना गाठला. डॉक्टर तरुण होत्या, बोलायला सावकाश. त्यांनी दोघांचं पोट दाबून पाहिलं, दात पाहिले.

"तसे ठणठणीत आहेत. जागा बदलली म्हणून बुजलेत. आधी कुठे होते?"

"देवळाली कॅम्पात. तोफखान्याच्या क्वार्टरमध्ये."

"अच्छा," असं म्हणून डॉक्टर कागदावर बरंच काही लिहीत राहिल्या. कागद देताना त्या आणखीही काही सांगत होत्या; पण सावळीरामांनी तोवर हेल्मेट घातलं होतं. त्यांचा तोंडी सूचनांवर विश्वास नव्हता. जे असेल ते लेखी.

लेखी चार कलमं होती. शांत जागा द्यावी. अचानक मोठे आवाज टाळावेत. लपायला आडोसा ठेवावा. खाणं रोज त्याच वेळी द्यावं. खाली उजव्या कोपऱ्यात एक बाण होता. ती डॉक्टरांची सही असावी असं सावळीरामांनी धरलं; डॉक्टरांच्या सह्या त्यांनी याहून वाईट पाहिल्या होत्या. सूचना ही सर्वांना दिसेल अशी लावावी, हा वीज केंद्राचा नियम. त्यांनी कागदाच्या पाठीला भरपूर खळ फासली आणि तो स्वयंपाकघराच्या दारावर असा चिकटवला, की तो काढायचा तर दार बदलावं लागलं असतं.

*

"आजपासून घरात परमिट सिस्टीम," सावळीरामांनी जाहीर केलं.

यशोदाबाई मेथी निवडत होत्या. "म्हणजे?"

"म्हणजे आवाज होणारं कुठलंही काम माझ्या लेखी परवानगीशिवाय सुरू करायचं नाही. मिक्सर, खलबत्ता, धुण्याचं मशीन, बेसिनमधली भांडी. काम, वेळ, कारण लिहायचं. मी जागेवर येऊन पाहणार, मग सही करणार."

"आणि शिंक आली तर?"

"तातडीच्या कामाचं परमिट मागाहून घेता येतं."

यशोदाबाईंनी मेथीची जुडी ठेवली. "अहो, दोन उंदरांसाठी?"

"ते उंदीर नाहीत, आणि हळू बोल."

कामाला लागलेल्या सावळीरामांना आवरणं अवघड होतं. पेटीतून लाल कार्डं निघाली. मिक्सरच्या बटणाला एक बांधलं गेलं : 'सावधान. चालू करू नये.' बेलची वायर त्यांनी काढून ठेवली आणि दारावर पाटी लावली : 'आत नाजूक जीव. दार वाजवू नये.' शिवाय खिडक्यांना चार गोधड्या आणि एक जुनी गादी ठोकली. त्यामुळे देवळालीचं धुम्म पार बंद झालं. कानाला दडा बसल्यासारखं घर झालं. सावळीरामांनी खोक्यात डोकावून पाहिलं तर तोफ्या आणि गोळ्या एकमेकांना चिकटून, डोळे वटारून, अजिबात न हलता बसले होते.

'सायंकाळी पाच. दोघेही शांत,' त्यांनी लिहिलं.

बुधवारी कोथिंबीर अर्धीअधिक तशीच राहिली. काकडीही राहिली. याचा अर्थ आवाज अजून कुठून तरी आत येतोय. सावळीरामांनी भिंतीला कान लावला. पलीकडे लताबाईंचं घर होतं, आणि लताबाईंचा वर्षाचा मसाला चालू होता. सिन्नरकडच्या लताबाई मिक्सरला मानत नव्हत्या. त्यांचा लोखंडी खलबत्ता होता.

"लताबाई, जय भीम. जरा एक विनंती होती."

"जय भीम भाऊ. बोला ना."

"कांडण जरा चार दिवस थांबवता येईल का? आमच्याकडे दोन जण फार घाबरट आहेत."

लताबाईंनी बत्ता हातातच ठेवून विचार केला. "एक तुमी. दुसरं कोन?"

सावळीरामांनी त्यांना गिनीपिग समजावून सांगितले. लताबाईंनी सगळं ऐकून घेतलं. "भाऊ, आमच्या गावाला कोंबड्या होत्या. त्यांच्या शेजारी पिठाची गिरन होती. लय अंडी द्यायच्या. गिरन बंद पडली की त्या दिवशी अंडं नाय."

"कोंबडीचं वेगळं असतं."

"आसंल बाई," लताबाई म्हणाल्या. "दुपारी दोन ते तीन कांडते, मंग तर झालं? लिहून द्या परमिट का फरमिट."

त्यापुढचं काम मोठं होतं. भीमजयंती आठवड्यावर आली होती आणि कॉलनीच्या मैदानात रोज संध्याकाळी अश्विनच्या पथकाचा सराव चाले. चाळीस ढोल, बारा ताशे. पथकाच्या पावतीपुस्तकावर सल्लागार म्हणून सावळीरामांचं नाव छापलेलं होतं. त्या अधिकारात त्यांनी सल्ला दिला.

"अश्विन, चार दिवस ढोल न वाजवता सराव करा."

"काका, ढोल न वाजवता कसा ढोल वाजवायचा?"

"टायरवर करा. हाताला ताल बसल्याशी मतलब."

अश्विन भला मुलगा. काकांनी सांगितलं म्हणून त्यानं गॅरेजमधून जुने टायर आणवले, आणि गुरुवारी संध्याकाळी चाळीस पोरं-पोरी मैदानात उकिडवी बसून टायर बडवू लागली. धपधप, धपधप. बसस्टॉपवरची माणसं बघायला थांबली. एका आजोबांनी विचारलं, "कोणत्या कंपनीचा संप आहे?"

तेवढ्यात पिंकीचा व्हिडिओ कॉल आला. सटाण्याला हळद होती आणि पाठीमागे बँड असा वाजत होता की फोन हातात थरथरत होता.

"आबा! दाखवा ना दोघांना!"

सावळीरामांनी फोन पिंजऱ्यापाशी नेला. खोक्यात खुडबुड झाली. गोळ्याचं नाक बाहेर आलं, मग कान आले, आणि 'व्हीक' असा एक बारीक आवाज आला.

"अरे बापरे, घाबरला!" म्हणत सावळीरामांनी फोनचा आवाज बंद केला. गोळ्या पुन्हा आत गेला. पडद्यावर पिंकीचे ओठ हलत होते. काय म्हणतेय ते ऐकू येत नव्हतं, पण 'बदली' हा शब्द ओठांवरूनही स्पष्ट कळला.

*

शुक्रवारी गॅसचं सिलिंडर येणार होतं. ते आलंही. सिलिंडरवाल्यानं बेल दाबली. ती वाजली नाही. दार वाजवायला हात उचलला तर समोर पाटी. नियमानं वागणारा माणूस होता. पाच मिनिटं थांबून त्यानं 'घर बंद' असा शेरा मारला आणि सिलिंडर घेऊन निघून गेला.

शनिवारी सकाळी यशोदाबाईंनी शेगडी पेटवली तेव्हा जाळ पिवळा आणि बुटका होता. "दोन वेळचा उरलाय," त्या म्हणाल्या. "चार दिवस झाले, तुमच्यापायी तुरीची डाळ पातेल्यात दोन-दोन तास शिजवतेय. त्यात गॅस गेला. आता कुकर लागणार."

"शिट्टी होईल."

"कुकर आहे तो. शिट्टीच करणार. भाषण करणार का?"

सावळीरामांची अवस्था तोवर बरी नव्हती. कालपासून तोफ्या-गोळ्यांनी एक पान खाल्लं नव्हतं. सकाळी त्यांनी उज्वला डॉक्टरांना फोन लावला होता.

"काका, पूर्ण दिवस उपाशी राहणं या प्राण्यांना झेपत नाही. दुपारपर्यंत खाल्लं नाही तर लगेच घेऊन या. नळीनं भरवावं लागेल. तुम्ही कागदावरचं सगळं करताय ना?"

"शब्द अन् शब्द, मॅडम. घरात टाचणी पडली तरी परमिट लागतं."

"सगळं, म्हणजे पाचवं, सहावं पण?" असं डॉक्टरांनी विचारलं, इतक्यात बोलण्याच्या आवाजानं खोकं हललं आणि सावळीरामांनी फोन ठेवला. डॉक्टरांना पाचवं-सहावं कशाला म्हणायचं होतं, ते त्यांना कळलं नाही. औषधाचे दिवस असतील.

रविवारी सकाळी दहाला पिंकी दारात उभी राहणार होती. पुन्हा गंगापूर धरण सांगता येणार नव्हतं. सावळीरामांनी पिंजऱ्याकडे पाहिलं, कुकरकडे पाहिलं, आणि त्या घटकेला त्यांच्या हातून असं काही झालं, की जे ते आपल्या हाताखालच्या ट्रेनींना आयुष्यभर करू नका म्हणून सांगत आले होते. त्यांनी ओलं फडकं घेतलं, कुकरच्या शिट्टीला चार वेढे दिले आणि वरून सुतळीनं करकचून बांधलं.

"अहो, वाफ कुठून जाणार?" यशोदाबाईंनी विचारलं.

"जाईल हळूहळू."

"चौतीस वर्षं तुम्हीच मला सांगत होतात ना, वाफेला वाट द्यावी, नाहीतर ती स्वतः करून घेते?"

"ते बॉयलरचं," सावळीराम म्हणाले आणि परमिटवर सही केली : 'काम : वरण. वेळ : बारा ते साडेबारा. आवाज : नाही.'

यशोदाबाई हॉलमध्ये येऊन बसल्या. दोघं पिंजऱ्यासमोर खुर्च्या टाकून वाट पाहत राहिले. बारा वाजून दहा मिनिटं झाली. शिट्टी झाली नाही. सावळीराम समाधानानं बायकोकडे पाहणार, एवढ्यात स्वयंपाकघरात कुकरचा सेफ्टी व्हॉल्व्ह उडाला.

धडाड्धुम्म!

काचा थडथडल्या. खिडकीवरची गादी सुटून खाली आली. वरणाचा एक जाड पिवळा फवारा छताला लागला आणि तिथून पंख्यावर, फ्रिजवर आणि दारावर बरसला. मागोमाग वाफ सुसाटत राहिली. तो आवाज सावळीरामांनी पाच महिन्यांत ऐकला नव्हता, आणि ते खुर्चीतून असे उठले, की पंचवीस वर्षांचा ऑपरेटरही तसा उठला नसता. तीन ढांगांत आत जाऊन त्यांनी शेगडी बंद केली, सिलिंडर बंद केलं, मागचं दार उघडलं, आणि कोणी नसताना सवयीनं ओरडले, "सब ठीक! पाठी हटा!"

बाहेर, दोन वाजायची वाट बघत बसलेल्या लताबाई बत्ता हातात घेऊनच धावत आल्या. "काय फुटलं वं यशोदाताई?" सुट्टी म्हणून मैदानात सकाळपासूनच सराव करणारे अश्विन आणि पथकातली आठ-दहा पोरं आली, त्यांच्यातल्या दोघांच्या गळ्यात टायर. सगळे एकदम बोलत होते. त्या गलक्यात यशोदाबाईंनी हात वर केला.

"गप्प बसा जरा! नाही, नाही, बसू नका! बोलत राहा!"

पिंजऱ्यात तोफ्या आणि गोळ्या मागच्या पायांवर उभे होते. पुढचे पाय जाळीला लावून दोघं जिवाच्या आकांतानं शिट्ट्या मारत होते. व्हीक, व्हीक, व्हीक! यशोदाबाईंनी कोथिंबिरीची अख्खी जुडी आत टाकली. ती दिसेनाशी झाली. काकडी गेली. लताबाईंनी धावत जाऊन ढोबळी मिरची आणली, तीही गेली.

"काका, ह्यांना आवाज पाहिजे होता ओ," अश्विन म्हणाला. "टायर काय, ढोलच आणले असते."

सावळीराम स्वयंपाकघराच्या दारात उभे होते. केसांवरून वरण ओघळत होतं. शेजारी दारावरचा तो कागद वाफेनं आणि वरणानं भिजून वरच्या बाजूनं सुटला होता आणि उलटा लोंबत होता. मागच्या बाजूला, खळीच्या फराट्यांमधून, डॉक्टरांचं अक्षर दिसत होतं. यशोदाबाईंनी पदरानं वरण पुसलं आणि मोठ्यानं वाचलं.

"पाच. आधीच्या घरातले ओळखीचे आवाज एकदम बंद करू नयेत. सुन्न शांततेत हे प्राणी जास्त घाबरतात, खाणं सोडतात आणि कोपऱ्यात बसून राहतात. सहा. तोफांची काळजी करू नये. त्यांची सवय आहे."

सावळीरामांनी कागद वर करून पुढच्या बाजूच्या कोपऱ्यातला बाण पाहिला.

"ही सही नव्हती तर," ते म्हणाले.

*

माणसं पांगली. अश्विननं जाताना टायर नेले आणि पाचच मिनिटांत मैदानातून पहिला खरा ढोल घुमला. पलीकडे बत्ता सुरू झाला. यशोदाबाईंनी बेलची वायर जोडायला लावली, खिडक्यांवरच्या गोधड्या ओढून काढल्या आणि मिक्सरवरचं लाल कार्ड टरकावलं. वरण छतावर असल्यामुळे त्यांनी मिक्सरमध्ये लसूण, दाणे, मिरच्या घालून घर्रर्र चटणी फिरवली. दुसऱ्या हातानं टीव्ही मोठा केला.

सावळीराम पिंजऱ्याशेजारी जमिनीवर बसले होते. यशोदाबाईंनी चटणी-भाकरीचं ताट पुढे ठेवलं. त्यांनी एक भाकरी खाल्ली. मग दुसरी. मग तिसरीतली अर्धी मोडली, थांबले, आणि तीही संपवली.

"कांदा आहे का गं?"

यशोदाबाईंनी कांदा फोडून ताटात ठेवला. मग हळूच म्हणाल्या, "अहो, तुमच्या बीपीच्या डॉक्टरांनी नोव्हेंबरात मला पण कागद दिला होता. घरात शांतता ठेवा म्हणून. पाच महिने मी मुक्यानं सिरियल बघतेय. कोण कोणाला घराबाहेर काढतंय ते ओठांवरून ओळखते."

"मला बोलली नाहीस?"

"तुम्ही कोपऱ्यात डोळे वटारून बसलेले. मला वाटलं, शांत झालात."

यशोदाबाईंनी मिक्सर पुन्हा फिरवला. सावळीराम भिंतीला टेकले आणि त्या घरघरीत, बसल्या जागी, तोंडात कांदा असतानाच झोपले.

रविवारी दहाला पिंकी आली. तिनं बूट न काढता आधी पिंजऱ्यात डोकावून मोजलं. दोन भरले, आणि दोन्ही जाड झाले होते. मग तिनं वही मागितली. चार्ज परत घ्यायचा तर नोंदी बघायला हव्यात, हे तिला पप्पांकडून माहीत होतं. बोटानं ओळी वाचत ती शेवटच्या नोंदीपाशी थांबली. ती आजीच्या अक्षरात होती.

"'शनिवार, दुपारी सव्वा. तिघंही पोटभर जेवले.'" पिंकीनं वर पाहिलं. "आजी, आम्ही दोनच दिले होते ना?"

"दोघांची सही कर आणि घेऊन जा," यशोदाबाई म्हणाल्या आणि मिक्सरचं बटण दाबायला आत निघाल्या. "तिसऱ्याचा चार्ज माझ्याकडे आहे."